डावीकडचं रान

दुसरा मॉनिटर घरी आणताना मी बायकोला जी कारणं दिली, त्यातलं एकही खोटं नव्हतं. एका स्क्रीनवर एक्सेल, दुसरीवर मेल, मान अवघडत नाही, डोळ्यांना बरं. ती म्हणाली, "आण की मग." इतक्या सहज परवानगी मिळाली की मलाच ओशाळल्यासारखं झालं. खेळाचा विचार तेव्हा माझ्या मनात नव्हता. म्हणजे होता, पण कारणांच्या यादीत त्याला घेतलं नव्हतं.

मॉनिटर चोवीस इंची. टेबलाच्या डाव्या कोपऱ्यात, जुन्या दिवाळी अंकांच्या गठ्ठ्यावर त्याची स्थापना झाली. पहिल्याच दिवशी एक गंमत लक्षात आली. त्याची उंची 1080 ठिपक्यांची, माझ्या म्हाताऱ्या लॅपटॉपची 768. दोघांच्या वरच्या कडा जुळलेल्या, त्यामुळे खालच्या बाजूला 312 ठिपक्यांचा न दिसणारा बांध उभा राहिला. लॅपटॉपवरून डावीकडे जायला बाणाला कुठूनही वाट मोकळी. परत येताना मात्र बाण खालच्या भागात असला की बांधाला धडका देत बसतो, वर चढून आला तरच सुटतो. थोडक्यात, कामातून निघणं सोपं, कामावर येणं अवघड. सेटिंगमध्ये जाऊन दोन चौकोन नीट लावले की हे कमी होतं, मला ठाऊक आहे. पण बांध सरकवायला गेलेल्या माणसांची कोर्टात किती वर्षं गेली, हेही आमच्या भावकीत मी पाहिलंय. राहू दिला.

बांधाच्या पलीकडे माझं रान आहे. खेळाचं नाव 'स्टारड्यू व्हॅली'. 2016 साली आला. एरिक बॅरोन नावाच्या एकट्या अमेरिकन गड्यानं चार-साडेचार वर्षं खपून चित्रं, संगीत, प्रोग्रॅमिंग, सगळं स्वतः केलं. खेळाचा नायक एका कंपनीत कॉम्प्युटरपुढे बसून कंटाळलेला असतो. एके दिवशी तो आजोबांनी मागे ठेवलेलं पत्र उघडतो, नोकरी सोडतो आणि त्यांच्या पडीक रानात राहायला जातो. पहिल्याच दिवशी सरपंच पार्सनिपच्या 15 बिया देतो. पार्सनिप म्हणजे गाजराचा गोरा चुलतभाऊ. चार दिवसांत काढणीला येतो. ऋतू चार, प्रत्येक 28 दिवसांचा. आणि खेळातला एक दिवस आपल्या घड्याळात साधारण 14 मिनिटांचा, म्हणजे आमची एक मीटिंग झाली की तिकडे तीन-चार दिवस उलटतात.

उलटले असते, असं म्हणायला हवं. कारण खेळाबाहेर कुठंही क्लिक केलं की तो आपोआप थांबतो. उजवीकडून साहेबांची हाक आली की डावीकडे अख्खं गाव जागच्या जागी थिजतं. कोंबडीचा पाय उचललेला तसाच. हे बंद करायची सोय आहे, पण मी ती वापरत नाही. माझ्यासाठी थांबणारं दुसरं काहीच आयुष्यात नाही.

ऑफिसात खेळणाऱ्यांची परंपरा मोठी आहे. विंडोजमधला सॉलिटेअर 1990 साली आला. तो लिहिणारा वेस चेरी मायक्रोसॉफ्टमध्ये इंटर्न होता. त्यानं त्यात एक 'बॉस की' ठेवली होती. साहेब आला की ते बटण दाबायचं, पत्ते गायब, पडद्यावर काम. कंपनीनं ती काढायला लावली. खेळाचे वेगळे पैसेही त्याला मिळाले नाहीत, तरी पत्ते जगभर पिसले गेले. 2006 साली न्यूयॉर्कचे महापौर मायकेल ब्लूमबर्ग एका कचेरीत गेले, तिथं एका कर्मचाऱ्याच्या स्क्रीनवर सॉलिटेअर दिसला आणि त्याची नोकरी गेली. मला त्या माणसाची फार दया येते. बिचाऱ्याला दुसरा मॉनिटर हवा होता, आणि तो दाराकडे पाठ करून.

माझा मॉनिटर दाराकडे पाठ करूनच आहे. पण माझ्या पाठीमागच्या भिंतीला दिवाण आहे हे मी विसरलो.

त्या दिवाणावर अण्णा, माझे वडील, आले. फलटणजवळच्या आमच्या गावाहून, मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी. आधीचे चार दिवस मला काळजी नव्हती. त्यांना पलीकडे नुसतं हिरवं-तांबडं दिसायचं. "तुझ्या हापिसात लई झाडं दिसत्यात," एवढंच म्हणाले. मग ऑपरेशन झालं, डोळ्याची पट्टी निघाली, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी अकराच्या सुमाराला पाठीमागून आवाज आला,

"आरं, ही टोमॅटो हायत का?"

मी बाण उजवीकडे पळवला. तो बांधाला अडकला.

"व्हय अण्णा."

"काठ्या कुठं बांधल्यास?"

मी सांगितलं की हा खेळ आहे, यात बांधणी लागत नाही. ते उठून खुर्चीमागे येऊन उभे राहिले. नव्या डोळ्यानं माणूस जसा बघतो तसं, बारकाईनं.

"पाणी?"

"रोज एकदा झारीनं द्यायचं. पाऊस आला की नाही."

"लाईट रात्रीची का दिवसाची?"

लाईट लागत नाही म्हटल्यावर ते जरा वेळ गप्प राहिले. रात्री दोनला मोटर सुरू करायला उठण्यात त्यांचा जन्म गेलेला. खेळातला माणूस रात्री दोनपर्यंत घरी गेला नाही तर चक्कर येऊन पडतो, हे मी त्यांना सांगितलं नाही.

"उद्याचा पाऊस कसा कळतो?"

"टीव्हीवर सांगतात."

"आन् पडतो?"

"पडतो."

त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी लहानपणी शाळेतून पळून आल्याचं कारण सांगतोय. मग विक्रीकडे वळले. मी दाखवलं, घराशेजारी ही पेटी, माल यात टाकायचा, झोपायचं, सकाळी पैसे जमा.

"आडत किती?"

"नाही."

"हमाली, तोलाई?"

"नाही."

"कॅरेट परत आणायची?"

"कॅरेटच नाहीत, अण्णा."

"भाव?"

"एका टोमॅटोला 60. दर्जा चांगला असला तर जास्त."

"आन् आवक वाढल्यावर?"

"तरी 60. हजार टाका, भाव पडत नाही."

अण्णा खाली बसले. दिवाणावर नाही, माझ्या पलंगाच्या कडेला, जिथं बसवेल तिथं. बराच वेळ ते त्या पेटीकडे बघत होते. मग हळूच विचारलं,

"कंच्या तालुक्यात हाय रं हे?"

त्यानंतर त्यांनी खेळाची गोष्टही विचारून घेतली. कंपनी, आजोबा, पत्र, सगळं.

"मग ते पोरगं नोकरी सोडून गेलं रानात?"

"गेलं."

"हं."

मला उजवीकडच्या स्क्रीनवर एकदम बरंच काम दिसू लागलं.

पुढचे आठ दिवस माझ्या रानाला मुकादम मिळाला. सकाळी चहाचा कप घेऊन ते दिवाणावर बसत आणि मी लॉगिन करायच्या आत विचारत, "गेलास का तिकडं?" बियाण्याचं दुकान बुधवारी बंद असतं हे त्यांना पटलं, बाजाराचा दिवस असेल म्हणाले. ऋतू बदलला की उभं पीक एका रात्रीत वाळून जातं, याचा मात्र त्यांना राग आला. "पंचनामा केला का?" मी हसलो. ते हसले नाहीत.

आणि मग सोमवारची मीटिंग. मी तिमाहीचे आकडे वाचत होतो, माइक चालू. डावीकडे गाव थिजलेलं. त्या गावात, बुजगावण्याच्या टापूबाहेर हावरेपणानं लावलेल्या वीस टोमॅटोंपैकी एकावर कावळा येऊन बसला होता आणि बसल्या जागी तोही थिजला होता. अण्णांना खेळ थांबतो हे माहीत नव्हतं. त्यांना एवढंच दिसत होतं की कावळा दहा मिनिटं पिकावर बसलाय आणि पोटचा पोरगा उजवीकडे बघून इंग्रजीत काहीतरी बडबडतोय. त्यांनी दम धरला, माझ्या अंदाजानं पुष्कळ धरला. आणि मग दोन्ही हातांनी टाळी वाजवून, साडेतीन एकरांच्या पल्याडच्या बांधाला ऐकू जाईल अशा आवाजात,

"हुऽऽर्याऽऽ! हाऽऽ हाऽऽ!"

चौदा चौकोनांतले चौदा चेहरे वर झाले. हैदराबादच्या मुलीनं कानातली यंत्रं काढली. साहेब क्षणभर काही बोलले नाहीत. मग मराठीत म्हणाले, "होले आहेत का कावळे?"

"कावळा, सर."

"वडील का?"

"हो, सर."

"आमचे आजोबा गोफण वापरायचे," साहेब म्हणाले, आणि तिमाहीचे आकडे त्या दिवशी मेलवर घ्यायचं ठरलं.

गेल्या रविवारी अण्णा गावी परतले. स्वारगेटला एसटीत बसवताना त्यांनी दोनच गोष्टी सांगितल्या. डोळ्यात थेंब घालायची आठवण फोनवर करत जा, आणि उरलेल्या वीस झाडांपाशी बुजगावणं लाव. मी त्याच रात्री लावलं. 50 लाकडं, एक कोळसा आणि 20 तंतू लागतात.

आता रोज रात्री नऊला फोन येतो. थेंब घातलेले असतात. मग ते विचारतात, "किती गेली आज?" मी आकडा सांगतो. मी त्यांच्या टोमॅटोचं विचारलं की म्हणतात, "कॅरेटमागं विचारू नगं. तुझ्याकडं काय चाललाय?"

माझ्याकडे अजून 60 च चाललाय.