गृहप्रवेश बँकेचा

वास्तुशांतीच्या पत्रिकेत निमंत्रक म्हणून खरं तर बँकेचंच नाव छापायला हवं. ५० लाखांचं कर्ज, साडेआठ टक्के, २० वर्षं. हप्ता सुमारे ४३,३९१ रुपये. पहिल्याच हप्त्यातले ३५,४१७ व्याजात गडप, मुद्दल हलतं जेमतेम ७,९७४ रुपयांनी. म्हणजे महिनाभर राबून खिडकीची एखादी चौकट आपली! शेवटी भरलेले असतात एक कोटी चार लाख. मध्येच दर वाढला तर हप्ता बहुधा तोच राहतो, वर्षं तेवढी गुपचूप वाढतात. पार्किंगसाठी बिल्डरशी तासभर हुज्जत घालणारा गृहस्थ बँकेत मात्र बोट दाखवाल तिथे सह्या ठोकतो. सहीआधी परतफेडीचा तक्ता मागा. आणि बोनस आला की सोफ्याआधी मुद्दलात भरा; बदलत्या दराच्या गृहकर्जावर त्याला दंड लागत नाही.