पायात चाळ, हातात वकीलपत्र

हातभर बांधापायी तीन पिढ्यांनी कोर्टाची पायरी झिजवावी, ही आपल्याकडची जुनी रीत. केरळी मंडळी त्याच्याही पुढं गेली आहेत. मुलीचा मोहिनीअट्टममध्ये दुसरा नंबर आला, की चेहऱ्यावरचा रंग उतरायच्या आत वकील गाठलेला असतो.

१९५७ साली एर्नाकुलमला सुरू झालेला केरळचा शालेय कलोत्सव आज आशियातला सर्वांत मोठा म्हणवला जातो. जिल्ह्यात पहिला येणारा राज्याला जातो, दुसरा येणारा अपिलात. आधी अनामत भरून शिक्षण खात्याकडं. तिथं डाळ शिजली नाही तर मुन्सिफ कोर्ट, उच्च न्यायालय. मध्यंतरी लोकायुक्त आणि बालहक्क आयोगाचीही दारं ठोठावून झाली. भ्रष्टाचार खणून काढायला नेमलेल्या लोकायुक्तांनी पदन्यासाचा पंचनामा करायचा! २०१८ साली त्रिशूरला तर बालहक्क आयोगाचे बनावट आदेश दाखवून स्पर्धक घुसवल्याचं उघडकीला आलं, पोलिसांनी माणसं धरली. आयोगाचा कागद बेमालूम वठवणाऱ्यांना हस्तकलेची 'अ' श्रेणी द्यायचं मात्र कुणाला सुचलं नाही.

एवढी धडपड निव्वळ कलेपायी नसते. राज्यात श्रेणी मिळाली की परीक्षेत वाढीव गुण पदरात पडतात. शिवाय जिल्ह्याची अब्रू. विजेत्या जिल्ह्याचा करंडक ११७.५ पवन सोन्याचा, म्हणजे किलोला जरासाच कमी. २०२५ मध्ये त्रिशूरनं तो २६ वर्षांनी जिंकला: त्रिशूर १००८, पालक्काड १००७. एका गुणाचा फरक. आपल्याकडच्या दिवाणी वकिलांच्या तोंडाला पाणी सुटावं असा आकडा.

अपिलं मंजूर होतात, यादी फुगते, संध्याकाळची स्पर्धा मध्यरात्र ओलांडते. ओट्टनतुळ्ळल नाचणारा पोरगा तोंडाला हिरवा रंग फासून, मुकुटासकट खुर्चीत पेंगतोय. रंग खांद्याला पुसू नये म्हणून आईनं त्याची मान धरून ठेवलीय. वडील कोपऱ्यात फोनवर, 'स्टे मिळेल ना साहेब?'

हार पचवायला शिका, असं उच्च न्यायालयानं २०२२ मध्ये पालकांना सुनावलं. पालकांनी ते अपीलयोग्य मानलं असावं, कारण पुढं न्यायालयालाच या तंट्यांसाठी वेगळं न्यायाधिकरण नेमण्याचा विचार करा, असं सरकारला सुचवावं लागलं. ते झालंच तर कामकाज पाहायला मी तिकीट काढून जाईन. ओप्पना नाचातली नवरी पुरेशी लाजली की नाही, यावर उलटतपासणी. डावी भुवई दोन सूत कमी उचलली गेल्याबद्दल मोबाइलमधला पुरावा. आणि निवृत्त न्यायमूर्ती कारकुनाला सांगताहेत, 'अर्जदारानं ती गिरकी पुन्हा घेऊन दाखवावी.'

या सगळ्याची सुरुवात फार जुनी असावी. अठराव्या शतकातली आख्यायिका आहे. अंबलप्पुळच्या देवळात चाक्यारकूत्तू, म्हणजे चाक्यारचा एकपात्री कथाप्रयोग, चालू असताना साथीला मिळावू हा ढोल वाजवणाऱ्या कुंचन नंबियारांना डुलकी लागली. चाक्यारनं भर प्रेक्षकांत त्यांची रेवडी उडवली. नंबियार ना पंचांकडं गेले ना राजाकडं. दुसऱ्या दिवशी त्याच वेळेला, त्याच आवारात त्यांनी स्वतः रचलेला नवाच प्रकार सादर केला, आणि चाक्यारसमोरचा सगळा प्रेक्षक उठून तिकडं गेला. तोच ओट्टनतुळ्ळल. हरलेल्या चाक्यारनं मग राजाकडं तक्रार केली आणि देवळाच्या आवारात तुळ्ळल करायला बंदी आणवली.

आता चाक्यारकूत्तू आणि ओट्टनतुळ्ळल, दोन्ही कलोत्सवाच्या यादीत आहेत. अपील दोन्हींत चालतं.