टपावरची दिवाळी

भाच्यानं पिकअप घेतली तेव्हा घरी पेढे आले होते. तिच्या टपावर दिवे बसवायचे ठरले तेव्हा मात्र रीतसर आमंत्रण आलं. "मामा, रविवारी सकाळी गॅरेजवर या. नारळ तुमच्या हातनं फोडायचाय." गाडी घेतली पोटासाठी, दिवे घ्यायचे नावासाठी, आणि पोटाच्या कार्यापेक्षा नावाच्या कार्याला पाहुणे जास्त बोलवायचे, ही आपली जुनी रीत.

ही पिकअप म्हणजे 2023 च्या जुलैची कन्या. त्या महिन्यात नारायणगावच्या बाजारात टोमॅटोच्या वीस किलोच्या क्रेटनं दोन हजारांचा भाव पाहिला. ज्यांच्या शेतात तेव्हा टोमॅटो उभा होता, त्यांच्या दारात नंतर काही ना काही उभं राहिलं. भाच्याच्या दारात पांढरी पिकअप उभी राहिली. आता तो स्वतःचा आणि भावकीचा माल भरतो आणि आळेफाटा, माळशेज, मुरबाड, कल्याण करत पहाटेच्या आत वाशीच्या मार्केटला टेकतो. धंदा रात्रीचा, त्यामुळे दिव्यांची गरज आहे, असं माझं भाबडं गणित होतं.

गॅरेजवर पोचलो तर पोत्यावर दिवे मांडून ठेवलेले, रुखवत मांडावं तसे. आठ चौकोनी एलईडी आणि मधोमध टपाच्या रुंदीची एक लांबलचक पट्टी. पट्टीच्या खोक्यावर 180 वॅट छापलेलं. गाडीच्या मूळ हेडलाइटमधला हॅलोजन बल्ब 60/55 वॅटचा असतो, आणि एलईडी तेवढ्याच वॅटात हॅलोजनच्या कितीतरी पट उजेड पाडते. म्हणजे एवढा प्रकाश घेऊन भाचा टोमॅटो पोचवणार होता की पिकवणार होता, हा प्रश्न मनात आला. विचारला नाही. शुभकार्यात असं बोलू नये.

"एवढा उजेड कशाला रे?" एवढंच म्हणालो.

"उजेडाचं नाय हो मामा. लूकचं आहे."

हा लूक समजून घ्यायचा तर पिकअपची समाजरचना समजून घ्यायला हवी. बंपरवर दोन फोकस म्हणजे गाडी नवी, हप्ते जुने. टपावर चार दिवे म्हणजे पोराचं जमलंय. आठ दिवे म्हणजे वाढदिवसाला चौकात फ्लेक्स लागतो. आणि आठ दिव्यांवर पट्टी म्हणजे फ्लेक्सवर मधला फोटो याचा, बाकीचे कडेला शुभेच्छुक. पिकअपमधून शर्यतीची खोंडं जात असतील तर पट्टीच्या दोन्ही टोकांना निळंही काहीतरी लुकलुकतं. त्याच्या पुढची पायरी बहुधा दीपगृहाची असावी.

वायरमननं टपावर पेन्सिलीनं खुणा केल्या. नारळ फुटला, अगरबत्ती लागली, आणि ड्रिल मशीन कर्रर्र करत नव्याकोऱ्या पत्र्यात घुसलं. रुपेरी भुगा काचेवरून ओघळत खाली आला, नेमका "आईचा आशीर्वाद" या अक्षरांवर. बारा भोकं पडली. कंपनीनं पत्रा गंजू नये म्हणून रंगाचे थरावर थर दिले होते. त्यांना बारा ठिकाणी रजा मिळाली. भोकाच्या कडेला प्रायमर लावायचा असतो असं मी कुठंतरी वाचलं होतं. ते बोलून दाखवल्यावर वायरमननं माझ्याकडे, लग्नात मुहूर्ताची शंका काढणाऱ्या म्हाताऱ्याकडे बघावं तसं बघितलं आणि सिलिकॉनची नळी दाबली. "पाणी मुंगीच्या वाटेनंसुद्धा जाणार नाय, काका."

मग वायरी. 12 व्होल्टच्या बॅटरीवर 180 वॅटची पट्टी म्हणजे 15 अँपिअर करंट. एवढा करंट डॅशबोर्डवरच्या बोटाएवढ्या स्विचमधून न्यायचा नसतो. मध्ये रिले घालायचा, बॅटरीजवळ फ्यूज टाकायचा. स्विचनं फक्त रिलेला इशारा करायचा आणि भार रिलेनं उचलायचा. साहेबानं इशारा करावा आणि कार्यकर्त्यानं स्टेज उभारावं, इतकी ही सोपी व्यवस्था आहे. पण रिले आणायला पेठेत जावं लागणार होतं आणि भूक लागली होती. "डायरेक्ट देतो. चालतंय," असा निकाल झाला. मराठी तंत्रज्ञानाचा इतिहास लिहायला घेतला, तर "चालतंय" या शब्दाला एक अख्खा खंड द्यावा लागेल.

दिवे लागले. भर दुपारी समोरच्या किराणा दुकानातला माणूस डोळ्यावर हात धरून बाहेर आला. टाळ्या पडल्या. स्टेटस पडलं. माणसाच्या आयुष्यात यापेक्षा प्रकाशाचा क्षण कुठला?

जेवताना मी कायदा काढला. मामानं जेवताना कायदा काढावा आणि भाच्यानं तो भाकरीबरोबर गिळावा, अशी आमची पद्धत आहे. म्हटलं, केंद्रीय मोटार वाहन नियम 1989 मधला. समोर उजेड पाडणाऱ्या दिव्याचा झोत खाली वळलेला हवा. आठ मीटरवर, जमिनीपासून दीड मीटर उंचीवर ज्याचे डोळे असतील, त्याचे ते दिपता कामा नयेत. तुझी पट्टी माणसाच्या डोक्याच्याही वर. ती काय खाली मान घालणार?

"मामा, समोरचे तरी कुठं डिपर देतात? आपण लाइट पाडायची आणि तो पाडत नाय. मग आपल्याकडं त्याच्यापेक्षा जास्त पाहिजे ना?"

दोन महासत्तांनी अर्धं शतक अण्वस्त्रं कशी जमवली, ते मला पुस्तकांतून नीटसं कळलं नव्हतं. माझ्या भाच्यानं ठेचा वाढताना दोन वाक्यांत समजावलं. मागच्या फाळक्यावर "यूज डिपर ॲट नाइट" ही विनंती आणि पुढच्या टपावर तिचं उत्तर, दोन्ही एकाच गाडीवर.

मग दंडाची भीती घातली. 2019 च्या दुरुस्तीनंतर मोटार वाहन कायद्याच्या कलम 182 अ खाली मालकानं गाडीत बेकायदा बदल केला तर प्रत्येक बदलामागे पाच हजार रुपये दंड, नाहीतर सहा महिन्यांपर्यंत कैद, किंवा दोन्ही. आठ दिवे आणि एक पट्टी, पंचेचाळीस हजार झाले.

"सगळे एकाच स्विचवर आहेत. एकच बदल धरायचा."

"आणि पासिंगला?"

"नट-बोल्टवर बसवलेत. आदल्या दिवशी उतरवायचे."

"भोकं दिसतील की."

"त्याच्यावर स्टिकर लावायचा."

या मुलाला आम्ही उगाच शेतीत घातलं. वकिलीत खूप पुढं गेला असता.

खरं सांगायचं तर टपावरच्या दिव्याचं वेड पिकअपवाल्यांनी शोधलेलं नाही. त्यांनी ते वरून घेतलंय. 1 मे 2017 ला, ऐन महाराष्ट्र दिनी, देशभरच्या मंत्र्यासंत्र्यांच्या गाड्यांवरचा लाल दिवा नियमानं उतरला. त्या दिवशी मला वाटलं होतं, चला, टप मोकळे झाले. पण ऊर्जा नष्ट होत नाही, फक्त रूप बदलते, हे शाळेत शिकवलेलं मी विसरलो होतो. मंत्र्याच्या टपावर होता एक दिवा. तो उतरला आणि गावोगाव आठ-आठ होऊन उगवला. सत्तेचं विकेंद्रीकरण म्हणतात ते हेच असावं.

आणि हे फक्त आपल्याकडेच आहे असंही नाही. अमेरिकेत 80 इंच किंवा त्याहून रुंद गाडीला पुढे वरच्या बाजूला पाच पिवळसर दिवे लावायचा नियम आहे, तीन मधोमध, दोन कडांना. हेतू एवढाच की रात्री समोरच्याला कळावं, येतंय ते धूड आहे, जरा अंग चोरून घ्या. मग तिकडच्या लोकांनी ओळखलं की हे पाच दिवे म्हणजे दणकट गाडीची खूण. म्हणून अरुंद पिकअपवालेही टपाला भोकं पाडून पाच दिवे लावू लागले. फोर्डची रॅप्टर पिकअप रुंदीत 80 इंच ओलांडून गेली, तेव्हा कंपनीला तिच्या पुढच्या जाळीत तीन छोटे पिवळे दिवे द्यावे लागले. ती नियमाची सक्ती होती. बाजारात तिची फॅशन झाली, आणि कमी रुंदीच्या गाड्यांचे मालक तेच तीन दिवे विकत आणून जाळीत डकवू लागले. कायद्यानं लठ्ठ माणसाला बिल्ला लावावा आणि सडपातळांनी तो हौसेनं छातीवर मिरवावा, त्यातली गत.

आपलाही नियम जवळपास तोच आहे. 2.1 मीटरपेक्षा रुंद मालवाहू गाडीला वरच्या दोन कोपऱ्यांत पुढे दोन पांढरे आणि मागे दोन लाल दिवे हवेत, आणि रात्री रस्त्यात गाडी उभी असतानाही ते तेवत राहिले पाहिजेत. भाच्याची पिकअप दोन मीटरसुद्धा भरत नाही. म्हणजे कायद्याला टपावरच्या दिव्याचं वावडं नाहीच. फक्त तो कशासाठी, यावर मतभेद आहे.

"असल्या बारक्या दिव्यात दिसणार काय?" भाच्यानं विचारलं.

"आपल्याला बघायला नसतात ते. आपण दुसऱ्याला दिसावं म्हणून असतात."

"दुसऱ्याला दिसावं म्हणूनच तर लावलेत!" तो म्हणाला, आणि इथे माझा युक्तिवाद संपला.

त्या रात्री आग्रहाखातर मी त्याच्याबरोबर वाशीला निघालो. ऑगस्ट महिना. आळेफाट्यापर्यंत आमची वरात जोरात होती; समोरून येणारे दुचाकीवाले मान वळवून साइडपट्टीवर उतरत होते. भाचा म्हणाला, "बघा मामा, रिस्पेक्ट!" माळशेजच्या तोंडाशी पाऊस लागला आणि पाणी मुंगीच्या नव्हे, हत्तीच्या वाटेनं आत आलं. बरोबर माझ्या गुडघ्यावर, सेकंदाला एक थेंब. टपावर दिवाळी, केबिनमध्ये श्रावण. स्विचला हात लावला तर चपातीसारखा गरम.

घाटात धुकं उतरलं. भाच्यानं मोठ्या विश्वासानं पट्टी चालू केली, आणि रस्ता गेला. समोर पांढरी भिंत. धुकं म्हणजे हवेत लटकलेले पाण्याचे कण. डोळ्यांच्या वरून एवढा पांढरा झोत टाकला की तो त्यांच्यावर आपटून थेट आपल्याच डोळ्यांत परत येतो. वर बॉनेटही चमकायला लागलं. फॉग लॅम्प बंपरच्या खाली लावतात ते उगाच नाही. जो उजेड मघाशी आम्ही दुचाकीवाल्यांना वाटत आलो, तो घाटानं व्याजासकट परत केला.

"बंद कर," मी म्हटलं.

त्यानं बंद केली. साध्या हेडलाइटचा झोत खाली पाडला. थोडं पुढे एक जुना ट्रक चालला होता, कांद्याचा असावा. त्याच्या मागे दोन लाल टेललाइट, धूळ-चिखलानं माखलेले, पण तेवत होते. त्या दोन ठिपक्यांच्या मागे मागे, माणसाच्या चालीनं, आम्ही अख्खा घाट उतरलो. आठ दिवे आणि एक पट्टी टपावर गप्प होती. भाचा एक शब्द बोलला नाही. मीही नाही; थेंब तेवढा बोलत होता.

घाट उतरून चहाला थांबलो. मागून एक दुचाकी आली. रेनकोटमधला माणूस गाडी स्टँडला न लावताच ओरडला, "कोणाची पिकअप आहे ही? मागं एक तरी लाइट आहे का? धुक्यात घुसलो असतो की तुमच्या क्रेटमध्ये!"

आम्ही मागे जाऊन पाहिलं. डावा टेललाइट फुटलेला, उजव्याचा बल्ब गेलेला. रिफ्लेक्टरची पट्टी कधीच निघून गेलेली, आणि जिथं ती असायला हवी तिथं लिहिलेलं, "बघतोस काय, नाद कर." मी विचारलं, केव्हापासून आहे हे? भाचा म्हणाला, दोन-तीन महिने झाले असतील, टाइमच मिळत नाही.

माझी सरकारला काही मागणी नाही. नियम लिहून ठेवलेले आहेत. मागणी तुमच्याकडे आहे. आज रात्री गाडी काढण्याआधी दिवे लावा आणि गाडीच्या मागे जाऊन उभे राहा. गाडीचा आपल्याला कधीच न दिसणारा भाग तो, पण मागच्या माणसाला तेवढाच दिसतो.

टेललाइटचा बल्ब आम्ही मुरबाडात पहाटे एका टायरवाल्याला उठवून घेतला. 21/5 वॅटचा. टेललाइट म्हणून त्यातले पाचच वॅट जळतात. तीस रुपये पडले, बदलायला चार मिनिटं लागली, आणि नारळ फोडावा लागला नाही.