हात आषाढाचा

भिलईत बागकामात नाव कमवायचं असेल तर महिना एकच, आषाढ. मे महिन्यात पारा 45 च्या आसपास असताना ज्याची काडी जगते तो खरा माळी. पण असा माळी आमच्या जुनवानी भागात अजून माझ्या पाहण्यात नाही. जूनच्या मध्याला पाऊस येतो, हवा अंगाला चिकटायला लागते, पापड मऊ पडतात, आगपेटी पेटत नाही, आणि गल्लीतल्या प्रत्येकाच्या हाताला एकाएकी गुण येतो. ‘काकूंनी लावलं की लागतंच’ अशी ख्याती असलेल्या काकूंना एप्रिलमध्ये कोणी परीक्षेला बसवत नाही, म्हणून ती ख्याती टिकून आहे.

काड्यांची देवघेव इथे जोरात चालते, आणि त्याचं मूळ कारखान्यात आहे. 1959 च्या फेब्रुवारीत पोलाद कारखान्याची पहिली झोतभट्टी सुरू झाली, गावोगावची माणसं आली, त्यांत नागपूर-भंडाऱ्याकडचीही आली. सेक्टरांमधल्या क्वार्टरांना अंगण होतं. ज्याने त्याने त्यात आपापल्या हौसेचं लावलं. निवृत्ती आली की क्वार्टर सोडायचं. स्मृतीनगरला किंवा जुनवानीला बांधलेल्या घरी कपाटं, पलंग, देव्हारा ट्रकमधून येतात; छपरावर चढलेली बोगनवेल येत नाही. तिच्या चार काड्या येतात, ओल्या फडक्यात गुंडाळून, वहिनींच्या मांडीवर. देव्हाऱ्यापेक्षा त्यांनाच जास्त जपलेलं असतं.

मागून आणलेली काडी लागत नाही, चोरून आणलेली लागते, असा इकडे पक्का समज आहे. त्यामुळे सकाळी फिरायला निघालेल्या सभ्य, पेन्शनर लोकांच्या खिशात कात्री असते. सरळ मागतात त्या कामवाल्या बाया. “एक ठन डारा दे ना, दीदी,” म्हणतात, नेतात, आणि समजाची पर्वा न करता ती काडी त्यांच्याकडे फोफावते.

बोगनवेलीचा पूर्वेतिहासच असा आहे की तिच्या बाबतीत श्रेय नेमकं कोणाचं हे विचारू नये. बूगनव्हिल नावाच्या फ्रेंच दर्यावर्दीची पृथ्वीप्रदक्षिणा चालू असताना, 1767 मध्ये, ब्राझीलच्या रिओजवळ जहाजावरचा वनस्पतितज्ज्ञ कॉमर्सन याच्या हाती ही वेल लागली. कॉमर्सनचा पाय दुखरा. त्याच्या सामानाची आणि नमुन्यांची वाहतूक करणारा मदतनीस म्हणजे पुरुषाच्या वेषातली झान बारे. रानात शिरून वेल प्रत्यक्षात तिनेच तोडून आणली असावी, असं मानणारे अभ्यासक आहेत. नाव मात्र मिळालं कप्तानाला, ज्याचा हात बहुधा फांदीला लागलाही नसेल. झानचं नाव एका वनस्पतीला मिळायला 2012 साल उजाडलं, आणि तीही वेल वांग्या-बटाट्याच्या कुळातली.

आता आषाढ करतो काय ते पाहू. तोडलेल्या काडीला मुळं नसतात, पण पानांचा खर्च चालूच असतो. पानं पाणी उडवत राहतात आणि खालून आवक शून्य. हवा दमट असली की हा खर्च आपोआप आटोक्यात येतो. शेंड्याकडून ऑक्झिन नावाचं संप्रेरक खाली उतरून कापलेल्या जागी साठतं, उबेने पेशी भराभर वाढतात आणि डोळ्याखालून पांढरी मुळं फुटतात. पेन्सिलीएवढी जाड, पिकलेली काडी, खालचा काप तिरपा, वरची पानं अर्धी छाटलेली: एवढं केलं की बाकीचं हवा बघते. फक्त हीच हवा बुरशीलाही मानवते. तिसऱ्या-चौथ्या दिवशी काडी खालून काळी पडली की तेच लोक “पाऊसच फार झाला हो” म्हणतात. लागली तर आपला हात, कुजली तर पाऊस.

चाफा याला अपवाद. मेक्सिकोकडून आलेला आणि आपल्या देवळांत इतका मुरलेला की त्याला परका म्हणायची कोणाची छाती होत नाही. त्याची फांदी तोडली की चीक गळतो. ती आठ-दहा दिवस सावलीत नुसती पडू द्यायची, जखम सुकली की मग कोरड्याशा मातीत रोवायची. त्याला वैशाखच बरा. पण इतके दिवस काहीही न करणं हे बागकाम करणाऱ्या माणसाला फार अवघड जातं. तो पाणी घालतोच.

अ‍ॅडेनियमचं कौतुक तर विचारू नका. अरबस्तान आणि आफ्रिकेच्या कोरड्या मुलखातलं हे झाड, गलेलठ्ठ बुंध्याचं, गुलाबी फुलांचं. जुनवानीत उन्हाळाभर ते मजेत असतं आणि पावसाळाभर पोर्चमध्ये. आभाळ भरून आलं की दोरीवरचे कपडे नंतर, आधी अ‍ॅडेनियम आत. पोर्चमधली स्कूटर त्यासाठी बाहेर भिजते. उलट ऑर्किडला लू सोसत नाही. म्हणून मे महिन्यात ते बैठकीत, कूलरच्या ओलसर हवेत, पाहुण्यांच्या जागेवर. बाहेर गळणाऱ्या कूलरखाली कुंड्या ठेवणारेही आहेत. पण कूलरमधलं पाणी उडत जातं तसे त्यातले क्षार मागे साठतात, आणि जुन्या पाण्यावर वाढलेल्या पानांची टोकं करपतात.

एवढ्या सगळ्या खटाटोपात, कॉलनी संपते तिथे, तळ्याच्या काठाने आणि नाल्याकडेने, एक परदेशी झाड कोणी न विचारता भरभरून फुललेलं असतं. मूळ अमेरिका खंडातल्या उष्ण प्रदेशाचं. फिक्या जांभळ्या, कर्ण्यासारख्या फुलांचं. काडी मोडून चिखलात टाका, लागते. पाण्यात टाका, वाहत जाऊन पुढे लागते. विषारी असल्याने गुरं सहसा तोंड लावत नाहीत. उष्ण, दमट हवेत लावण्याजोगं परदेशी फुलझाड याहून वेगळं काय असतं? तर त्याचं नाव बेशरम. विदर्भात रस्त्याच्या खड्ड्यांमध्ये ते लावून लोक आंदोलनं करतात, आणि पूर्वी मास्तर त्याच्या छड्या करत. त्याची काडी मात्र कोणी चोरत नाही.

पांढऱ्या चिनी मातीच्या कुंडीत घालून, ‘आयपोमिया कार्निया’ अशी पाटी लावून हिवाळ्यात मैत्री बागेच्या पुष्पप्रदर्शनात मांडलं, तर दहा जण तरी खिशातली कात्री चाचपतील. पण प्रदर्शन संपल्यावर कुंडी उचलून न्यायला उशीर करून चालणार नाही. तोवर त्याने टेबलाच्या फटीत मूळ धरलेलं असेल.