डमरूयंत्र : वापरण्यापूर्वी हे वाचा

सोने करायचे मनात आले की आधी घराच्या दिशा पाहाव्यात. तेराव्या शतकाच्या सुमाराचा ‘रसरत्नसमुच्चय’ हा ग्रंथ याबाबतीत फ्लॅटवाल्यांची अजिबात गय करत नाही. रसशाळेच्या, म्हणजे पाऱ्यावर काम करायच्या जागेच्या, पूर्वेला रसभैरव, आग्नेयेला भट्टी, दक्षिणेला दगडी कामे, पश्चिमेला धुणे, वायव्येला वाळवण, उत्तरेला वेध, म्हणजे प्रत्यक्ष सोने करण्याचे काम, आणि ईशान्येला तयार माल. वन बीएचकेवाल्यांनी बाल्कनी निदान वायव्येला येते का एवढे पाहून पुढे जावे.

(परिस मिळाला तर यंत्राचे कामच नाही. पण पंढरपूरच्या परिसा भागवतांकडचा परिस नामदेवांनी चंद्रभागेत टाकला अशी कथा आहे. पुरवठा तेव्हापासून बंद.)

आता कच्चा माल. पारा मिळवण्याची ग्रंथोक्त रीत अशी : न्हाऊन-नटलेली तरुणी घोड्यावर बसून पाऱ्याच्या विहिरीत डोकावते. तिला पाहताच पारा उसळून वर येतो आणि तिच्या मागे लागतो. ती घोडा दामटते. योजनभर पाठलाग करून पारा हात हलवत विहिरीकडे परततो, आणि वाटेत आधीच खणून ठेवलेल्या खड्ड्यांत जेवढा अडकेल तेवढा आपला. या पद्धतीत भांडवल फार गुंतते. शिवाय घोडा, विहीर आणि मुलीच्या आईवडिलांची संमती या तीन गोष्टी एकाच वेळी जमाव्या लागतात. म्हणून नवशिक्याने हिंगुळावर भागवावे. हिंगूळ म्हणजे पारा आणि गंधक यांचे लालभडक संयुग. शुद्ध असेल तर शंभर ग्रॅममध्ये सुमारे ८६ ग्रॅम पारा असतो. घोडा लागत नाही.

डमरूयंत्र दिसायला अगदीच साधे. मातीची दोन मडकी, एकाच्या तोंडावर दुसरे उपडे. नाव आकारावरून. खालच्यात लिंबाच्या रसात खललेला हिंगूळ, वरच्याच्या बुडावर ओले फडके, आणि दोघांच्या सांध्यावर कपडमाती : चिखलात बुडवलेल्या कापडाच्या पट्ट्या, एकीवर एक. पहिली पट्टी वाळल्याशिवाय दुसरी लावायची नाही. सगळी विद्या इथेच आहे. मंत्र चुकला तर देव क्षमा करतो. सांधा चुकला तर पारा करत नाही. आच लागली की गंधक पाऱ्याला सोडतो, पाऱ्याची वाफ वर चढते, गार बुडाला लागून थेंबाथेंबाने जमते. विस्तव विझला तरी मडके लगेच उघडायचे नसते; ‘स्वांगशीत’ होऊ द्यायचे, म्हणजे त्याचे त्यालाच गार होऊ द्यायचे. हे ज्याने लिहिले त्याची बोटे नक्कीच भाजलेली होती. नुसता पोथ्या उतरवणारा माणूस ओल्या फडक्याची आठवण ठेवत नाही.

पाऱ्याच्या गती पाच. तो पाण्यासारखा वाहतो, हंसासारखा चपळ पळतो, मळाबरोबर जातो, धुराबरोबर जातो. या चार दिसतात. पाचवी जीवगती, देहातून जीव जावा तसा तो कुणाला न दिसता नाहीसा होतो, आणि तिला मंत्र व ध्यान यांनीच अडवता येते असे ग्रंथ सांगतो. निरीक्षण अचूक आहे, उपाय लटका आहे. पाऱ्याची वाफ दिसत नाही, तिला वास नाही, आणि ती जपमाळेला न जुमानता थेट फुफ्फुसात जाते. मग हात थरथरतात, आठवण दगा देते. सबब हे मार्गदर्शन वाचण्यापुरते आहे. चूल पेटवू नये.

ज्यांना केवळ कल्पनेत पुढे जायचे आहे त्यांच्यासाठी : पाऱ्याचे संस्कार अठरा. डमरूयंत्राने झाले ते पातन, पाचवे. आठव्यापर्यंत पोहोचलात तर औषधापुरता पारा तयार झाला, असे वैद्य म्हणतात आणि तिथेच थांबतात. आठव्या संस्काराने, म्हणजे दीपनाने, पाऱ्याला भूक लागते. मग त्याला अभ्रक भरवायचे, धातू भरवायचे, ते पचवायचे, रंग चढवायचा. घरात आधीच दोन मुले असतील तर विचार करावा. सतरावा वेध. शंभर पट धातूचे सोने करतो तो शतवेधी पारा, हजार पटीचा सहस्रवेधी, आणि कोटिवेधीपर्यंत मजल जाते. नवशिक्याने शतवेधीवर समाधान मानावे, आयकराच्या दृष्टीनेही ते बरे.

अठरावा संस्कार म्हणजे तो पारा स्वतः खाणे. त्यावर हे मार्गदर्शन काही बोलणार नाही.

सोने झाले नाही तर निराश होऊ नये. पत्ता बरोबर होता, आच कमी पडली. पाऱ्याच्या अणुगर्भात ८० प्रोटॉन, सोन्याच्या ७९. एकाच घराचे अंतर, पण ते गोवऱ्यांनी तुटत नाही. १९४१ साली हार्वर्डमध्ये पाऱ्यावर वेगवान न्यूट्रॉनांचा मारा केला तेव्हा खरोखर सोने निघाले. ते किरणोत्सारी होते. त्यातले काही तासाभरात, काही थोड्या दिवसांत पुन्हा पारा होणारे. तेव्हा सराफाकडे जायचे तर त्याच दिवशी जावे, आणि पैसे रोख घ्यावेत.