नाक सलामत तो मुलाखती पचास

मुलाखतीला कसं जाऊ नये, हे नाशिककरांना बाहेरच्या माणसाने शिकवायची गरज नाही. या गावाचं नावच एका फसलेल्या मुलाखतीवरून पडलं, असं आपण पिढ्यान्‌पिढ्या मानत आलो आहोत. पंचवटीत तिघांचं पॅनेल, समोर एकटी उमेदवार. ‘आपण कोण, कुणाच्या?’ हा प्रश्न तेव्हाही पहिलाच होता. वाल्मीकींच्या अरण्यकांडात शूर्पणखा या प्रश्नाला चक्क खरं उत्तर देते. नाव सांगते. आपण राक्षसी आहोत, हवं ते रूप घेता येतं, हे कौशल्यही लपवत नाही. रावण, कुंभकर्ण, बिभीषण, खर, दूषण अशी भावांची यादी देते आणि कशासाठी आलो तेही आडपडदा न ठेवता सांगून टाकते. मग रामाने तिला लक्ष्मणाकडे पाठवलं. लक्ष्मणाने ‘मी पडलो सेवक, तुम्ही मोठ्यांनाच विचारा’ म्हणत परत रामाकडे. (या टेबलावरून त्या टेबलावर पाठवण्याची पद्धत इंग्रजांनी आणली, असं म्हणणाऱ्यांनी रामायण वाचावं.) शेवटी बाईंचा तोल सुटला, त्या सीतेवर धावून गेल्या, आणि निकाल जागेवरच लागला.

आहे तसं सांगितलं की नाक जातं, हे विसरायला होऊ नये म्हणून आपण ते गावाच्या नावातच बांधून ठेवलं आहे.

काय करावं, हे मात्र पांडवलेण्यांत कोरलेलं आहे. तिसऱ्या क्रमांकाच्या लेण्यात गौतमी बलश्रीने आपल्या मुलाचा, गौतमीपुत्र सातकर्णीचा, बायोडाटा दगडात उतरवून घेतला. शक, यवन, पल्हव यांचा संहार. क्षहरात कुळाचा उच्छेद. तीन समुद्रांचं पाणी प्यायलेली वाहनं. शिवाय वैयक्तिक गुण म्हणावा तसा आईच्या सेवेचाही उल्लेख आहे. हा लेख नातवाच्या, पुळुमावीच्या कारकिर्दीच्या १९व्या वर्षातला. म्हणजे ज्याचा बायोडाटा, तो उमेदवार तेव्हा हयातही नव्हता. पण बायोडाटा आईनेच लिहायचा असतो, उमेदवाराचा त्यात हात असण्याचं कारण नाही, ही प्रथा तेव्हापासूनच पक्की आहे. घोडा समुद्राचं खारं पाणी पितो का, असं आजवर एकाही पॅनेलने विचारलेलं नाही. दगडात लिहिलं की कुणी विचारत नाही. आता दगडाची जागा पीडीएफने घेतली आहे.

यंदा माझ्या भाचीला एमबीएच्या एका नावाजलेल्या कॉलेजातून मुलाखतीचं बोलावणं आलं, तेव्हा ही दोन्ही उदाहरणं आमच्यासमोर होती. भाची निफाड तालुक्यातली. इंजिनिअरिंगच्या शेवटच्या वर्षाला, शिकायला आमच्याकडे गंगापूर रोडला. मुलाखत मार्चमध्ये, म्हणजे नेमकी द्राक्षं काढणीला आलेली. दाजींचा रोज फोन: मजूर मिळत नाहीत, दोन दिवस पोरीला पाठव. मी ठाम राहिलो. पोरीला नेतृत्वगुणावरचं उत्तर पाठ करायचं होतं, ती क्रेट कशाला मोजत बसेल?

घरात आम्ही पॅनेल नेमलं. अध्यक्ष शेजारचे अण्णा. नाशिकरोडच्या नोटांच्या छापखान्यात, १९२८ सालच्या त्या करन्सी नोट प्रेसमध्ये, त्यांची सगळी नोकरी गेली. माणसाने उत्तर कसं द्यावं याची त्यांची कल्पना तिथूनच आलेली. लाख नोटा काढा, प्रत्येक सारखी हवी, फरक फक्त नंबरात. ‘आपलं उत्तर दुसऱ्या उमेदवारासारखं नसलं, तर ते खोटं ठरतं,’ असं ते म्हणत, आणि त्यावर कुणाला बोलता येत नसे. दुसरी सभासद आमची ही, कारण चहा तिच्या ताब्यात. तिसरा मी, कारण दिवाणखाना माझा.

पहिल्या रविवारी अण्णांनी विचारलं, ‘तुझ्यातला दोष सांग.’ पोरगी भाबडी. म्हणाली, ‘मला लवकर राग येतो. आणि हिशेबात कुणी लबाडी केली की मी तोंडावर बोलते.’ आम्ही एकमेकांकडे पाहिलं. हे तर शूर्पणखेचंच उत्तर. तिला सांगितलं, तुझा दोष म्हणजे तू परफेक्शनिस्ट आहेस. दोष असा हवा की ऐकणाऱ्याला वाटावं, हा आपल्यालाही असता तर बरं झालं असतं. तिने वहीत लिहून घेतलं. पुढच्या रविवारी इतक्या सफाईने म्हणाली की त्या क्षणी तरी मला तिचा राग अगदी दिसेनासा झाला.

नेतृत्वाच्या प्रसंगाला तिने वडिलांच्या बागेतली गोष्ट काढली होती. दोन वर्षांपूर्वी एक व्यापारी माल उचलून पैसे न देता पसार झाला. हिने गावातल्या अकरा शेतकऱ्यांच्या काटापट्ट्या गोळा केल्या, रकमांचा तक्ता केला आणि सगळ्यांना घेऊन पोलीस ठाण्यात गेली. अण्णांनी ऐकून घेतलं आणि खोडलं. शेती, उधारी, पोलीस. एका उत्तरात तीन अपशकुन. त्याऐवजी कॉलेजच्या टेकफेस्टमध्ये ती बॅनर समितीवर होती, ते घेतलं. त्या समितीने एकच बॅनर लावला होता आणि तोही उलटा, हे सांगायची गरज नव्हती. ‘टीम’, ‘डेडलाइन’ आणि ‘चॅलेंज’ हे तीन शब्द आले की प्रसंग पुरा होतो.

आवड म्हणून वाचन लिहिलं होतं. वाचनालय तरी कुठलं, नाशिकचं सार्वजनिक वाचनालय, १८४० सालचं. पोरीचं सभासदत्व मात्र मागच्या मंगळवारचं. पुस्तक एकच आणलं, पातळ, आणि त्याचा मलपृष्ठावरचा मजकूर तिने चोख पाठ केला.

मग आलं नाशिक. ज्या गावात आपण राहतो त्या गावाबद्दल पॅनेल हटकून विचारतं, त्यामुळे ते गाव आधी विसरावं लागतं आणि मग तयार टिपणांतून नव्याने शिकावं लागतं. भाचीने तीन दिवसांत नाशिक पाठ केलं. कुंभमेळा बारा वर्षांनी, मागचा २०१५ साली. दादासाहेब फाळके, जन्म त्र्यंबकेश्वर, १८७०. शिरवाडकर, ज्ञानपीठ, १९८७. काळाराम मंदिर सत्याग्रह, २ मार्च १९३०. हे म्हणताना एकदा ती मध्येच थांबली. ‘मामा, आत जायला मिळावं म्हणून माणसं वर्षानुवर्षं त्या दारासमोर उभी राहिली. शेवटी पस्तीस साली बाबासाहेबांनी धर्म सोडायची घोषणा केली, ती आमच्या शेजारच्या येवल्यात. हे सांगू?’ अण्णांनी घड्याळ दाखवलं. एका मुद्द्याला सात सेकंद. तारीख सांगावी आणि पुढे वाईनवर यावं. ‘नाशिक ही भारताची वाईन राजधानी’ हे वाक्य शेवटी ठेवायचं ठरलं, कारण ते इंग्रजीत भारदस्त वाटतं. ज्या घरात द्राक्षाच्या हिशेबावर चूल पेटते, तिथल्या मुलीने वाईनचा थेंब पाहिलेला नाही, ही बाब टिपणात नव्हती.

देहबोली मी शिकवली. तीन सभासद असले की नजर टेबल फॅनसारखी फिरती हवी: डावीकडून उजवीकडे, मध्ये किंचित थबकून. हात मांडीवर. हसू अर्धं. काळा ब्लेझर भाड्याने आणला. तो खांद्यात जरा मोठा होता, पण मोठ्या जागेसाठी निघालेल्या माणसाचा ब्लेझर मोठाच असावा.

मुलाखत पुण्याला झाली. दाराबाहेर वीसेक उमेदवार ओठ हलवत बसले होते. दृश्य इतकं भक्तिमय की मी चप्पल काढणार होतो. प्रत्येकाच्या ओठांवर परफेक्शनिस्ट. अण्णा असते तर डोळे भरून आले असते. सगळा छापा सारखा, फरक फक्त छातीवरच्या नंबरात.

आत काय झालं ते भाचीने परतताना सिन्नरच्या अलीकडे सांगितलं. दोन प्रश्न अपेक्षित आले. तिसऱ्याला पॅनेलमधल्या एका बाईंनी फॉर्म पाहून विचारलं, ‘तुम्ही निफाडच्या. जानेवारीत तिथे पारा फार उतरतो असं वाचलं. द्राक्षांचं काय होतं अशा थंडीत?’

तयारीचा कस लागतो तो इथे. एखादी गाफील मुलगी सांगून बसली असती की थंडीने मण्यांची फुगवण थांबते, गोडी भरत नाही, भरत आलेल्या मण्यांना तडे जातात. पहाटे बागेत शेकोट्या पेटवून धूर करावा लागतो. विहिरीचं पाणी हवेपेक्षा उबदार असतं म्हणून रात्रीतच ठिबक सुरू करतात, आणि वीज नेमकी तेव्हा नसते. आपण बारावीच्या वर्षी सराव परीक्षेच्या आदल्या रात्री तीन वाजेपर्यंत शेकोट्या सांभाळल्या होत्या, असंही ती बोलून गेली असती. हे सगळं भाचीच्या जिभेवर आलं होतं, असं ती म्हणाली. पण तिने गिळलं. नजर डावीकडून उजवीकडे फिरवली आणि म्हणाली, ‘नाशिक ही भारताची वाईन राजधानी आहे.’

बाई ‘अच्छा’ म्हणाल्या. नंतर दोष विचारला गेला. अकरा मिनिटांत पोरगी बाहेर. मी तिच्या पाठीवर थाप मारली. नाक जागच्या जागी होतं.

निकालाला अवकाश होता. तिथूनच आम्ही गाडी निफाडला घेतली, कारण दाजींचा सौदा त्याच संध्याकाळी होता. बांधावर तीन व्यापारी उभे. एक म्हणे मालाला कलर नाही, दुसरा म्हणे मणी बारीक, तिसरा नुसता मान हलवत होता. किलोमागे दोन रुपये कमी करा, नाहीतर राहू द्या. दाजी गप्प. भाचीने ब्लेझर काढून आईच्या हातात दिला आणि पुढे झाली.

‘शेठ, घड मी निवडते, मीटर तुमचं. गोडी मोजा, मणी मोजा. कमी भरलं तर दोन काय, तीन रुपये कापा. आणि पेमेंट रोख. चेकचं पुराण मला माहितीय.’

अर्धा तास ती बोलत होती. शेजारच्या गावात सकाळी काय भाव फुटला, मागच्या वर्षी याच शेठने किती तूट धरली होती, कोणाचा चेक किती तारखेला परत आला, सगळं. वहीत यातलं एक अक्षर नव्हतं. तिसऱ्याने मान हलवायची थांबवली आणि खिशातून मीटर काढलं.

मी बाजूला उभा राहून अण्णांसाठी टिपण करत होतो. हात फार हलतात. आवाज चढतो. नजर एकाच सभासदावर, बाकीच्या दोघांकडे बघतच नाही. हसू अजिबात नाही. पुढच्या रविवारी पहिल्यापासून घ्यावं लागेल.