चहा कोणाकडे घेतला?

बांधाच्या दाव्यात वादी आणि प्रतिवादी दोघांनाही मोजणी हवी असते. अट एकच, ती शेजाऱ्याच्या रानाची व्हावी.

कायद्याने सोय चांगली केलीय. दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908, ऑर्डर 26, नियम 9. जागेवरची वस्तुस्थिती समजून घ्यायला कोर्टाने कमिशनर नेमावा, त्याने जाऊन पाहावं, अहवाल द्यावा. जागा स्वतः पाहण्याची मुभा न्यायाधीशांनाही आहे, पण बोर्ड सोडून ढेकळं तुडवायला त्यांना सवड कुठली? म्हणून कधी वकील जातो, कधी भूमी अभिलेखचा भूकरमापक.

जातो म्हणजे, जाऊ दिलं तर. कमिशनसाठी अर्ज पडला की समोरच्याचं म्हणणं टाइप करून तयारच असतं: ‘पुरावा गोळा करण्यासाठी कमिशन नेमता येत नाही.’ हे वाक्य सर्वांत जोरात कोण म्हणतो, तर ज्याने बांध कोरलाय तो. हरियाणा वक्फ मंडळाचा असाच एक वाद थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. तिथे सांगितलं गेलं की वाद हद्दीचाच असेल तर कमिशनर नेमायला हवा. निकाल छापून येऊन जमाना झाला. 2008 च्या खंडात आहे. आमच्या तालुक्यात तो अजून पोहोचायचाय, रस्ता खराब असावा.

अर्ज मंजूर झाला, फी भरली, की तारीख. तारखेला ऊस उभा. ऊस तुटला की पाऊस. पाऊस उघडला की लगतच्या एका खातेदाराला नोटीस मिळालेली नाही, कारण तो मुंबईला असतो.

अखेर तो दिवस उगवतो. बांधावर दोन्हीकडची मिळून इतकी माणसं जमतात की जत्रेचा कंत्राटदारही खूश व्हावा. कायम खुणा शोधायच्या असतात. दगड होता तिथे आता विहिरीचा कठडा आहे, आणि बुरूज कुठे होता ते फक्त एका आजोबांना ठाऊक. आजोबा एका पक्षाचे चुलते. काळा कोट काखेत मारून वकीलसाहेब बाभळीखाली पंचनामा लिहितात. एक बाजू सही करते, दुसरीपुढे ‘सही करण्यास नकार दिला’ असं लिहावं लागतं. इतक्यात वादीच्या घरून चहा येतो. ऊन मी म्हणत असतं. साहेब कप उचलतात आणि तिथेच अहवाल नासतो. पुढच्या तारखेला हरकत दाखल: ‘कमिशनर यांनी वादीच्या वस्तीवर चहा घेतला असून सबब अहवाल पक्षपाती आहे.’ अनुभवी कमिशनर बाटलीतलं पाणी घरून नेतात. अतिअनुभवी दोघांकडेही चहा घेतात.

मोजणीचं आणखी एक गुपित आहे, ते कोणी मोठ्याने बोलत नाही. आपली जुनी टिपणं साखळीने मोजलेली. साखळी 33 फुटांची, तिचे 16 आणे. म्हणजे एक आणा दोन फूट पाऊण इंचाचा. 1835 च्या सुमारास गोल्डस्मिड आणि विंगेट यांनी इंदापुरात पाहणी नव्याने मांडली, तेव्हा सरकारला सारा ठरवायचा होता. भावकीची फुटाफुटाची भांडणं मिटवायचा बेत नव्हता. आता त्याच साखळ्या-आण्यांवर उपग्रहाशी बोलणारा रोव्हर आणून ठेवलाय. तो सेंटिमीटर सांगतो. नकाशा म्हणतो, दोन फूट इकडे की तिकडे, विचारू नका. दावा असतो एका फुटाचा!

एका फुटाला हसू नये, हेही खरं. दहा साखळ्या लांबीच्या बांधावर एक फूट सरकलं की 330 चौरस फूट गेले, पाव गुंठ्याहून जास्त. रस्त्यालगत असेल तर तिथे चहाची टपरी बसते आणि भाडं येतं.

नियम 10 प्रमाणे अहवाल पुराव्यात धरला जातो आणि कमिशनरला पिंजऱ्यात बोलावून तपासता येतं. कोर्टाचं समाधान झालं नाही तर पुन्हा चौकशी. अहवाल ज्याच्याविरुद्ध गेला त्याचं समाधान कधी होतं? पहिली मोजणी जुन्या यंत्राने होती, दुसरी नव्या यंत्राने होती म्हणून चुकीची. तोवर मूळ वादी वारतात, वारसांची नावं लागतात, आणि वाटणीत त्याच बांधाचे तीन तुकडे पडतात.

माझं म्हणणं इतकंच आहे की हद्दीच्या दाव्यात कैफियत आल्याआल्या, मुद्दे काढायच्या आधीच, कोर्टाने स्वतःहून मोजणीचा आदेश द्यावा आणि दोघांकडून निम्मी निम्मी फी भरून घ्यावी. साक्षीपुरावे नंतर. ही सूचना मी एका ज्येष्ठ दिवाणी वकिलांना ऐकवली. त्यांनी चष्मा काढून पुसला आणि विचारलं, ‘‘मग दहा वर्षं आम्ही बोलायचं काय?’’